कोनाड्यातला फ्लॅश

"अगं, गौरींचा एक्स-रे काढलास की काय?"

2019 च्या गौरी. रात्रीचे साडेआठ, आरती नुकतीच झालेली, आणि मी मोठ्या हौसेने कॅमेऱ्याचा पडदा सासूबाईंपुढे धरलेला. कॅमेरा घेऊन जेमतेम दोन महिने झाले होते. फुजीफिल्मचा एक्स-टी30, बॅटरी आणि कार्ड धरून 383 ग्रॅम, म्हणजे आमच्या घरातल्या अडकित्त्याहून फार जड नाही. वर एक खटका, तो सरकवला की टुणकन उभा राहणारा इवलासा फ्लॅश. तो मी उभा केला आणि देवीच्या थेट तोंडावर उडवला.

फोटो खरंच भयंकर होता. पितळी मुखवट्यांच्या कपाळावर, नाकावर आणि हनुवटीवर पांढरे ठिपके, जणू कोणी चुना लावलाय. पैठणीची जर जळून गेल्यासारखी. नथीची सावली गालावर विंचवासारखी बसलेली. मागच्या पडद्यावर दोघींच्या काळ्या, धारदार कडांच्या सावल्या, त्यामुळे गौरी दोनाच्या चार झालेल्या. आणि समया? तेवत होत्या की नाही तेही कळत नव्हतं. सासूबाई दुसऱ्या कोणाला असं म्हणाल्या असत्या तर मी हसले असते.

मी साताऱ्यात दहावीच्या गणिताच्या शिकवण्या घेते. रविवारी आणि सुट्टीत ओळखीच्यांकडची बारशी, डोहाळजेवणं, साखरपुडे, वास्तुशांती असले घरगुती कार्यक्रम टिपते. त्याला धंदा म्हणायची हिंमत नाही, कारण अर्धे लोक पाकिटाऐवजी ब्लाउजपीस देतात. सासर वाईचं. ढोल्या गणपतीच्या घाटापासून चार मिनिटांवर वाडा आहे आणि गौरी त्या वाड्याच्या माजघरात उभ्या राहतात. हे सगळं सांगायचं कारण, फ्लॅशबद्दल मी जे काही शिकले ते त्या माजघरात शिकले. तिथे पुस्तकी उपाय चालत नाहीत.

पुस्तकी उपाय सगळ्यांना पाठ असतो: फ्लॅश समोर मारू नका, छताकडे वळवा. छत पांढरं असलं तर तेवढं पुरतं. आख्खं छत मोठ्या दिव्यासारखं काम करतं, आणि उजेडाचा उगम मोठा झाला की सावल्यांच्या कडा मऊ होतात. साताऱ्यातल्या फ्लॅटमध्ये साडेनऊ फुटांवर पांढरा स्लॅब असतो, तिथे डोळे झाकून हे करा. वाड्याच्या माजघराला मात्र कडीपाट आहे. सागवानी तुळया, त्यावर फळ्या, आणि तीन पिढ्यांच्या चुलीचा धूर पिऊन झालेला काळपट तपकिरी रंग. त्याच्यावर फ्लॅश मारला की निम्म्याहून जास्त उजेड तो गिळतो आणि उरलेला चहाच्या रंगाचा करून परत देतो.

कॅमेऱ्यावरचा तो छोटा फ्लॅश तर वळतही नाही, आणि वळला असता तरी फरक पडला नसता. फ्लॅशच्या ताकदीला गाइड नंबर म्हणतात. त्याला अ‍ॅपर्चरच्या (लेन्सचं छिद्र किती उघडं त्याच्या) आकड्याने भागलं की तो किती मीटरपर्यंत पुरेल ते येतं. माझ्या कॅमेऱ्यावरच्या फ्लॅशचा गाइड नंबर आयएसओ, म्हणजे कॅमेरा उजेडाला किती संवेदनशील त्याचा आकडा, 100 असताना साधारण 5. अंतर एफ 4 ला काढायचं तर पाचाला चारने भागा, सव्वा मीटर. म्हणजे हात लांब केला की संपला. आयएसओ चौपट केला तर अंतर दुप्पट होतं, चौपट नाही, कारण उजेड अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात कमी होत जातो. हे वाक्य मी वर्षानुवर्षं फळ्यावर लिहीत आले आहे. माजघरात उभं राहीपर्यंत त्याचा अर्थ मला कळला नव्हता.

त्या दिवाळीत फ्लॅश घ्यायचं ठरवलं. दुकानदाराने पहिल्यांदा मोठा काढून दाखवला, बॅटरीसकट अर्ध्या किलोच्या वर. माझ्या कॅमेऱ्यावर बसवल्यावर तो पुढे कलंडायला लागला. नाकापेक्षा मोती जड. कॅमेरा लहान म्हणून मिररलेस, म्हणजे आत आरसा नसलेला, घ्यायचा आणि वर हा बुरूज चढवायचा, हे काही पटेना. शेवटी गोडॉक्स टीटी350 घेतला, फुजीसाठीचा. सेल सोडून 200 ग्रॅम, दोन साधे पेन्सिल सेल, मुठीत मावतो. डोकं वर-खाली आणि बाजूला वळतं. गाइड नंबर 36, पण हा आकडा उजेड 105 मिलिमीटरच्या अरुंद झोतात आवळलेला असताना. उजेड रुंद पसरवला की तो बराच खाली येतो. खोक्यावर नेहमी मोठा आकडा छापतात, हे पेट्रोलच्या मायलेजसारखंच.

पण खरी गोष्ट आकड्यात नव्हती. त्या फ्लॅशच्या पोटात रेडिओ होता, 2.4 गिगाहर्ट्झचा, आपल्या वायफायच्याच पट्ट्यात बोलणारा. एक फ्लॅश कॅमेऱ्यावर ठेवून त्याला मालक करायचं, दुसरा लांब ठेवून त्याला गडी. मग कॅमेऱ्यावरचा स्वतः उजेड पाडत नाही, नुसता हुकूम सोडतो. माझ्या एका मैत्रिणीकडे ऑलिंपसचा कॅमेरा आहे. त्याच्यासोबतचा छोटा फ्लॅश उजेडाच्याच खुणांनी दुसऱ्या फ्लॅशला चेतवतो. ते खोलीत उत्तम चालतं, पण दोघांनी एकमेकांना पाहायला हवं. भर उन्हात किंवा मध्ये भिंत आली की संवाद बंद. रेडिओला दिसण्याची गरज नाही. आणि त्यामुळेच तो लपवता येतो.

लपवता येतो, हे मला पुढच्या गौरींना उमगलं. माजघराच्या भिंती दोन फूट जाड, त्यात दोन कोनाडे. एकात तांब्या-पळी असते, दुसरा रिकामा. भिंतींना चुना लावलेला, त्यात थोडी नीळ. हुकूम सोडायला तसाच एक उसना फ्लॅश कॅमेऱ्यावर चढवला, माझा रिकाम्या कोनाड्यात उभा केला, पुढे तांब्या ठेवला आणि डोकं कोनाड्याच्या मागच्या भिंतीकडे वळवलं. म्हणजे फ्लॅशने गौरींकडे पाठ केलेली. उजेड भिंतीवर आपटून आख्खा कोनाडा उजळतो आणि तिथून बाहेर सांडतो. दीड-दोन फुटांचा दिवा तयार! डाव्या बाजूने, गौरींच्या खांद्याच्या उंचीवरून. निळीमुळे किंचित थंड. पहिला फोटो काढला आणि पडद्यावर मुखवट्याला पहिल्यांदा गाल दिसला. एका बाजूने उजळ, नाकापाशी वळण घेऊन दुसऱ्या बाजूला सावलीत जाणारा. तोवरच्या माझ्या सगळ्या फोटोंत मुखवटे थाळीसारखे सपाट होते.

आता समयांचं. फ्लॅशचा लखकन क्षण फार छोटा असतो. या फ्लॅशचा पूर्ण ताकदीला सुमारे 1/350 सेकंद, ताकद कमी केली की 1/20000 पर्यंत. शटर त्याहून कितीतरी जास्त वेळ उघडं असतं. म्हणजे एका फोटोत खरं तर दोन फोटो असतात: एक फ्लॅशचा, एक खोलीतल्या उजेडाचा. फ्लॅशचा भाग अ‍ॅपर्चर आणि फ्लॅशच्या ताकदीने कमीजास्त होतो, शटरचा त्याच्याशी संबंध नाही. समईचा भाग मात्र शटरवर. हे कळलं आणि मी शटर 1/180 वरून 1/15 वर आणलं, कॅमेरा पाटावर टेकवला, एफ 4, आयएसओ 800, फ्लॅश 1/8 ताकदीवर. गौरी काही हलत नाहीत. ज्योती सोनेरी होऊन आल्या, त्यांच्याभोवती पितळेवर हलकी झाक आली, आणि साडीच्या निऱ्या कोनाड्यातल्या उजेडाने सुट्या सुट्या दिसायला लागल्या. आरती ओवाळतानाच्या फोटोत तर गंमतच झाली. जाऊबाईंचा चेहरा फ्लॅशने जागच्या जागी धरला आणि निरांजनाने हवेत एक पिवळी रेघ ओढली. तो फोटो मी मुद्दाम काढला असं सगळ्यांना वाटतं. वाटू दे.

रंगाचा घोळ मात्र बरेच दिवस चालला. उजेडाचा रंग केल्व्हिनमध्ये मोजतात, आकडा कमी तितका उजेड पिवळा. फ्लॅशचा उजेड दुपारच्या उन्हासारखा पांढरा, 5600 केल्व्हिनच्या आसपास. समई त्याच्या पार खाली, दोन हजारांच्या जवळ. दोन्ही एका फोटोत आले की एक बाजू दवाखान्यासारखी आणि एक बाजू देवघरासारखी. फ्लॅशवर केशरी कागद लावायचा असतो हे ऐकलं होतं, म्हणून स्टेशनरीच्या दुकानातून पाच रुपयांचा केशरी जिलेटिन पेपर आणला आणि रबरबँडने बसवला. गौरी शेंदूर फासलेल्या मारुतीसारख्या आल्या. सजावटीचा कागद रंग बघून बनवलेला असतो, उजेड बघून नाही. त्यासाठी सीटीओ नावाचा वेगळा फिल्टर मिळतो. तो पूर्ण ताकदीचा घेतला तर फ्लॅशचा उजेड जुन्या पिवळ्या बल्बसारखा होतो. मला अर्ध्या ताकदीचा बरा वाटतो. पूर्ण लावला की जुन्या अल्बमसारखं सगळंच पिवळं होतं आणि हळदी-कुंकवातला फरक कळेनासा होतो.

पुढे दुसरा फ्लॅशही घेतला, तोच. आणि त्याच घराण्यातला एक्स-प्रो ट्रिगर, म्हणजे स्वतः उजेड न पाडता फक्त हुकूम सोडणारा डबा, कारण नुसता हुकूम सोडायला आख्खा फ्लॅश कॅमेऱ्यावर अडकवणं म्हणजे पत्ता सांगायला पोस्टमन घरी ठेवण्यासारखं. ट्रिगरवर ए, बी, सी असे गट असतात. कोनाड्यातला ए, आणि दुसरा बी. कॅमेऱ्यापाशी उभं राहूनच बी ला एक पायरी खाली, म्हणजे निम्म्या ताकदीवर, आणता येतं, पंगत ओलांडत जावं लागत नाही. सोवळ्यातल्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापलीकडे फ्लॅश ठेवला असेल तर हा फरक किती मोठा ते फक्त सुनांनाच कळेल.

तो दुसरा फ्लॅश धोतराच्या मागे असतो. अण्णांचं, म्हणजे माझ्या सासऱ्यांचं, जुनं धुऊन धुऊन मऊ झालेलं धोतर. दारात दोरी बांधून ते एकेरी पसरायचं आणि मागे चार फुटांवर फ्लॅश. धोतर निम्म्याहून जास्त उजेड खातं, पण जो देतं तो खिडकीतून आल्यासारखा असतो. बाजारात यासाठी छत्र्या आणि पांढरे डबे मिळतात, माझ्याकडेही एक छत्री आहे. पण माजघरात गौरींभोवती बारा बायका फुगड्या घालत असताना छत्रीचा स्टँड उभा करणं म्हणजे कोणाचा तरी पाय मोडायची सोय. धोतराला धडकून कोणी पडत नाही. फक्त अण्णा दर वर्षी विचारतात, "माझं धोतर पुन्हा स्टुडिओत का?"

वाड्याबाहेरचे धडे वेगळे. पहिला, भिंतीचा रंग बघा. साताऱ्यात एका बारशाला मी सवयीने फ्लॅश मागच्या भिंतीवर वळवला. भिंत हौसेने आंब्याच्या रंगाची केलेली. दुसऱ्या दिवशी फोटो पाठवले तर पंधरा मिनिटांत बाळाच्या आजीचा फोन, "ताई, बाळाला कावीळ दिसतीय का हो?" मी फोनवरच घाईघाईने सांगितलं की बाळ ठणठणीत आहे, भिंत आजारी आहे. आता पांढरी भिंत नसेल तर टीव्हीच्या खोक्यातून निघालेला थर्माकोलचा तुकडा सोबत नेते. मखरात त्याला बंदी आली, माझ्या पिशवीत अजून आहे.

बाळांच्या बाबतीत माझा एक नियम आहे. घरातली मोठी माणसं "डोळ्यांवर फ्लॅश नको" म्हणाली की वाद घालायचा नाही. फ्लॅशचं तोंड बाळाच्या उलट दिशेला वळवलेलं त्यांना दाखवायचं, एकदा उडवून दाखवायचा, आणि तरी मन धजत नसेल तर पिशवीत घालायचा. खिडकीपाशी पाळणा सरकवला तरी फोटो येतात.

मिररलेसचे म्हणून स्वतःचे काही नखरे आहेत, ते मला कोणी आधी सांगितले नाहीत. सगळ्यात मोठी फजिती अशीच एका बारशाला झाली. बाळ झोपलेलं, म्हणून मी कॅमेऱ्याचा आवाज बंद केला. पुढे नाव ठेवायची वेळ आली, आत्याने कानात कुर्र केलं, मी बटण दाबलं, फ्लॅश गप्प. ट्रिगर काढला, घातला. सेल बदलले. रेडिओचं चॅनेल तपासलं. फ्लॅशचं चाचणीचं बटण दाबलं तर तो लखलखून उडतो, कॅमेऱ्याने मात्र हूं की चूं नाही. तोवर बाळाचं नाव ठेवून झालं, पेढे वाटून झाले. घरी येऊन मेनू वाचला. माझ्या कॅमेऱ्यात आवाज आणि फ्लॅश मिळून एकच नोंद आहे: "साउंड अँड फ्लॅश". आवाज बंद म्हणजे फ्लॅशही बंद. वाचलं असतं तर कळलं असतं. मुलांना मी रोज सांगते, उदाहरण नीट वाचा.

तसंच इलेक्ट्रॉनिक शटरचं. अगदी निःशब्द चालतं, पण बहुतेक मिररलेस कॅमेऱ्यांत त्याच्यासोबत फ्लॅश उडत नाही, कारण सेन्सर, म्हणजे आतली उजेड टिपणारी पाटी, ओळीओळीने वाचला जातो आणि फ्लॅश एका क्षणात येऊन जातो. काही ओळींना उजेड मिळेल, काहींना नाही. याच कारणाने एलईडीच्या माळांखाली इलेक्ट्रॉनिक शटर वेगात चालवलं की फोटोवर आडवे पट्टे पडतात. आपली वीज 50 हर्ट्झची, स्वस्तातली माळ सेकंदाला शंभरदा लुकलुकते. डोळ्याला दिसत नाही, सेन्सरला दिसतं. गणपतीत मी कॅमेरा यांत्रिक शटरवरच ठेवते. सोनीने 2023 मध्ये ए9 थ्री जाहीर केला, त्याचा सेन्सर एकदम सगळा वाचतो आणि फ्लॅश कुठल्याही शटरला चालतो. त्याच्या किमतीत आमच्या वाड्याची कौलं बदलून होतील.

माझ्या कॅमेऱ्यात मात्र फ्लॅशसोबत शटरला 1/180 सेकंदाची मर्यादा आहे. त्याच्या वर गेलं की फोटोच्या एका कडेला काळी पट्टी येते, अर्धवट लावलेल्या पडद्यासारखी. हाय स्पीड सिंक सुरू केलं तर पट्टी जाते, पण मग फ्लॅश एका ठोशाऐवजी भराभर चापट्या मारतो आणि ताकद फार घटते. छोट्या फ्लॅशला ते परवडत नाही. भर दुपारी गच्चीवर साखरपुडा असेल तर मी जोडप्याला सरळ सावलीत नेते.

आणखी एक. मॅन्युअलमध्ये, म्हणजे सगळे आकडे हाताने ठरवून, एफ 8, 1/180, आयएसओ 200 असं लावलं की खोलीत व्ह्यूफाइंडर काळाठिक्कर. कॅमेरा प्रामाणिकपणे दाखवतो की या उजेडात फोटो असा काळा येईल. फ्लॅश उडणार आहे हे त्याच्या हिशेबात नसतं. सुरुवातीला मला वाटलं लेन्सचं झाकण राहिलं. मेनूत मॅन्युअल मोडमध्ये एक्स्पोजर आधी दाखवण्याची नोंद असते, ती बंद केली की नेहमीचा उजळ पडदा परत येतो. आरसा असलेल्या जुन्या कॅमेऱ्यांत ही भानगडच नव्हती, डोळ्याला खोली जशी आहे तशी दिसायची. जुन्या मोठ्या फ्लॅशमधून निघणारी ती लाल जाळीही, अंधारात फोकसला मदत करणारी, बऱ्याच मिररलेसना उपयोगी पडत नाही. मी नणंदेला मोबाइलचा टॉर्च नथीवर धरायला लावते, फोकस घेते आणि "बंद" म्हणते. ती आता न सांगताच टॉर्च काढते.

टीटीएल, म्हणजे कॅमेऱ्यानेच फ्लॅशची ताकद ठरवणं, मी घरगुती कार्यक्रमांत फारसं वापरत नाही. पैठणीची जर दिसली की कॅमेरा घाबरतो आणि सगळा फोटो अंधारा करतो. शिवाय टीटीएल मोजमापासाठी खऱ्या फ्लॅशच्या आधी एक बारीक चमक सोडतो. आमच्या आत्याबाई त्या चमकेला इतक्या इमानदारीने पापणी मिटतात की तीन वर्षांच्या सगळ्या फोटोंत त्या ध्यानस्थ आहेत. मॅन्युअलवर गेल्यापासून त्यांचे डोळे उघडले. मॅन्युअलचा आणखी एक फायदा, या गोडॉक्सच्या रेडिओत घराणं एक असलं की पुरतं, जात कोणी विचारत नाही. भाच्याकडे सोनीसाठीचा फ्लॅश आहे. चॅनेल जुळवलं की तोही माझ्या फुजीच्या ट्रिगरचं ऐकतो.

चॅनेलवरून आठवलं. वाईच्या एका मंगल कार्यालयात वरपक्षाचा फोटोग्राफर होता, मी वधूकडून, हौशी. मी कोपऱ्यातल्या खांबामागे फ्लॅश ठेवला आणि बघते तर मी बटण न दाबताच तो उडतोय! पहिल्यांदा वाटलं बिघडला. मग लक्षात आलं, त्या गृहस्थांनी बटण दाबलं की माझा फ्लॅश त्यांच्यासाठी कामाला लागतो. दोघेही चॅनेल एकवर. वधूआधी माझा फ्लॅशच सासरी गेला होता. त्यांना सांगितलं तर ते म्हणाले, "तरीच म्हटलं आज उजेड एवढा छान कसा येतोय." त्यांनी चहा पाजला, मी चॅनेल बदललं.

सेलबद्दल थोडं, कारण छोट्या फ्लॅशची खरी गोम तिथेच आहे. चांगल्या रिचार्जेबल सेलवर पूर्ण ताकदीचे साधारण 210 लखलखाट मिळतात असं कंपनी सांगते. मी 1/8 वर असते म्हणून दिवसभर पुरतात. पण दोन सेलची जोडी ही जोडी असते. एक ताजा आणि एक दमलेला घातला की दमलेला दुसऱ्याला मागे ओढतो आणि फ्लॅश पुन्हा तयार व्हायला सुंईऽ करत बसतो. म्हणून मी प्रत्येक जोडीला नेलपॉलिशचा ठिपका लावते. लाल-लाल एकत्र, गुलाबी-गुलाबी एकत्र, आणि एक जोडी जांभळी, कारण ती शेड मला शोभत नव्हती. सातारा ते वाई जाताना सेल स्टीलच्या डब्यात मोकळे टाकायचे नाहीत, हेही एकदा गरम डबा हातात आल्यावर शिकले.

यंदाची गोष्ट. ज्येष्ठेच्या दिवशी संध्याकाळी सगळी मांडणी झाली. कोनाड्यात ए, धोतरामागे बी, कॅमेरा पाटावर. पहिला फोटो, उजवी बाजू उजळली, डावी अंधारात. कोनाड्यातला मुकाट. यावेळी मेनू आधी तपासला, शिकले आहे मी. मग झाकण उघडलं. आत एक लाल ठिपक्याचा सेल आणि एक बिनठिपक्याचा, किराणा दुकानातला. मी मान वर केली तर समोर भिंतीवरचं घड्याळ, जे गेल्या तीन दिवसांपासून सहा वाजून दहा मिनिटांवर थांबलेलं होतं, ते टिकटिक करत होतं.

"अण्णा, माझा सेल?"

"अगं, गौरी जेवायच्या आणि घरात घड्याळ बंद, बरं दिसतं का? मी बदली दिला की दुसरा."

घड्याळातून सेल काढायची परवानगी नव्हती. जांभळी जोडी बाहेर काढली, ती अर्धी भरलेली, आणि 1/16 वर चालवली, आयएसओ एक पायरी वर. उजेड तोच आला. चुन्याच्या भिंतीला काही कळलं नाही. पुरणाची ताटं, सोळा भाज्यांचे द्रोण, फुगडीतल्या जाऊबाई, डोळे उघडे असलेल्या आत्याबाई, सगळं मिळून सव्वादोनशे फोटो. त्यातले चाळीस निवडून घरच्यांना पाठवले.

मुळावर गौरी गेल्या. मी साताऱ्याला निघायच्या आदल्या रात्री सासूबाई चष्मा लावून मोबाइलवर एकेक फोटो बघत बसल्या. एकावर थांबल्या. रुंद फ्रेम, दोघी गौरी, समया, आणि डावीकडे चुकून आलेला कोनाडा, तांब्याच्या कडेमागून उजेड सांडणारा. खरं तर तो मी कापून टाकणार होते.

"हा मोठा करून आण, फ्रेम करू," त्या म्हणाल्या. "आणि कोनाड्यात दिवा कोणी ठेवला होता गं? सुरेख दिसतोय. दर वर्षी ठेवत जा."

अण्णा झोपाळ्यावरून म्हणाले, "त्याला दोन सेल लागतात."